जोडीदार नट : फिलिप लोब

नायिकेच्या यशांत जोडीदार नटाचा वांटा असतो; संकटांत मात्र तो एकटा पडतो. अमेरिकेंत १९४९ सालीं ‘द गोल्डबर्ग्ज’ ही कौटुंबिक मालिका दूरचित्रवाणीवर आली. लेखिका व नायिका गर्ट्रूड बर्ग; पति जेकच्या भूमिकेंत फिलिप लोब.

१९५० च्या जूनमध्यें ‘रेड चॅनल्स’ या पुस्तिकेनें १५१ जणांवर साम्यवादाचा संशय घेतला. त्यांत लोब होते. त्यांनीं आरोप नाकारला. परंतु मालिकेचा खर्च जाहिरातदार सोसत असे, आणि त्यानें लोबांना काढण्याचा हट्ट धरला. बर्गबाईंनीं नकार दिला. १९५१ सालीं मालिका बंद पडली. १९५२ सालीं परतली, ती लोबांवांचून.

१९५५ सालीं लोबांनीं न्यूयॉर्कमधील एका हॉटेलांत आत्महत्या केली. साम्यवादाबद्दल त्यांच्यावर कोणत्याहि न्यायालयांत खटला झाला नव्हता.