‘तुला सांगितलं होतं, कागदाला नाही’ : कविता महाजन यांच्या लेखनाविषयी

(सावित्रीबाई फुले जयंतीच्या निमित्ताने सिद्धगडाच्या पायथ्याशी, मुरबाड तालुक्यातल्या एका वाडीत मेळावा झाला. मुरबाड आणि शहापूर तालुक्यांतल्या ग्रामपंचायत सदस्या, बचतगटातल्या बायका आणि कार्यकर्त्या त्याला आल्या होत्या. त्यात केलेलं हे भाषण.)

आज 3 जानेवारी, सावित्रीबाईंचा जन्मदिवस. आणि काल 2 जानेवारी होती. 1943 साली याच दिवशी या सिद्धगडावर भाई कोतवाल आणि हिराजी पाटील इंग्रजांच्या पोलिसांच्या गोळ्यांना बळी पडले. दरवर्षी इथं माणसं जमतात, फुलं वाहतात. त्यांची नावं आपल्या पोरांना पाठ आहेत, आणि ती असायलाच हवीत. पण काल खाली उभी असताना मला सारखं वाटत होतं, की जंगलात लपलेल्या या माणसांच्या भाकरी कुणी थापल्या असतील? निरोप कुणी पोचवले असतील? कुणी विचारलं तर ‘आम्ही नाही पाहिलं’ असं ठामपणे कुणी सांगितलं असेल? त्यांची नावं कुठंच नाहीत. काहींची लिहायची राहून गेली असतील. काहींनी स्वतःच म्हटलं असेल, आमचं नाव नका घेऊ. या दोन गोष्टी वेगळ्या आहेत, आणि आज मला या फरकाविषयीच बोलायचं आहे.

बोलायचं आहे ते एका लेखिकेच्या निमित्तानं. तिचं नाव कविता महाजन. जन्म नांदेडचा, 1967 सालचा. पुढं कित्येक वर्षं ती वसईला राहिली, तेव्हा वसई आपल्या याच ठाणे जिल्ह्यात होती. कविता लिहिल्या, कथा लिहिल्या, लहान मुलांसाठी लिहिलं, चित्रं काढली, वारली लोकगीतं गोळा केली. 2005 साली तिची पहिली कादंबरी आली, ‘ब्र’. 2007 साली दुसरी, ‘भिन्न’. 27 सप्टेंबर 2018 रोजी पुण्यात ती गेली, तेव्हा अवघी एक्कावन्न वर्षांची होती.

‘ब्र’ हे काय नाव झालं, असं तुमच्यातल्या कुणीतरी आत्ताच विचारलं. पण हा शब्द तुमच्या-माझ्या घरातलाच आहे. ‘तोंडातून ब्र काढायचा नाही,’ हे वाक्य आपण सगळ्यांनी ऐकलंय. कुणी आईकडून, कुणी सासूकडून, कुणी नवऱ्याकडून. ब्र म्हणजे पूर्ण शब्दसुद्धा नाही. ओठ उघडता उघडता निघालेला नुसता आवाज. आपल्याला बंदी होती ती भाषणाची नव्हती, या आवाजाची होती.

आता थोडं मागं जाऊ. 73 वी घटनादुरुस्ती 24 एप्रिल 1993 पासून लागू झाली आणि पंचायतीत एक तृतीयांश जागा बायकांसाठी राखून ठेवणं देशभर बंधनकारक झालं. 2011 साली महाराष्ट्रानं त्या निम्म्या केल्या. 1996 साली आदिवासी भागासाठी पेसा कायदा आला. शहापूर तालुका सगळाच्या सगळा त्यात येतो, मुरबाडची काही गावं येतात. कागदावर पाहिलं तर बाईच्या हातात केवढी सत्ता आली! पण सरपंचपती नावाचं पद कुठल्या कायद्यात आहे? तरी गावोगाव ते आहेच. खुर्चीवर बाई, शेजारच्या खुर्चीवर तिचा नवरा नाहीतर दीर. सही तिची, अक्कल त्याची. आणि पाच वर्षांत ती जरा शिकतेय तोवर चक्राकार आरक्षण पुढं सरकतं आणि बाई पुन्हा चुलीपाशी.

या सगळ्याचा अभ्यास करायला त्या काळात संस्थांची मोठी रीघ लागली होती. मीही त्या रिघेत होते. आणि इथं मला माझी एक चूक सांगायची आहे. ती सांगितल्याशिवाय मला ‘ब्र’विषयी बोलण्याचा हक्क नाही.

2002 सालची गोष्ट. एका संस्थेसाठी मी सरपंच बायकांच्या मुलाखती घेत होते. एका ठाकर वाडीतली सरपंच होती. गावाचं नाव मी आजही सांगणार नाही. पहिल्या दोन भेटींत ती काहीच बोलली नाही. ‘बरं चाललंय’ एवढंच. तिसऱ्या वेळी मी तिच्या घरी मुक्कामाला राहिले. रात्री भांडी घासता घासता ती बोलायला लागली. रोजगार हमीच्या कामाचा हजेरीपट तिच्यापुढं सहीला आला होता. त्यातली निम्मी माणसं त्या महिन्यात भिवंडीकडं वीटभट्टीवर गेलेली. तिचा सख्खा भाऊच तिकडं होता, आणि त्याचं नाव इथं हजेरीपटावर, पुढं अंगठा. तिनं सही केली नाही म्हणून घरात मार खाल्ला. दुसऱ्या दिवशी सही केली. हे सगळं तिनं मला सांगितलं.

मी ते लिहिलं. फार चांगलं लिहिलं, असं मला तेव्हा वाटलं. तिचं नाव घातलं नाही, पण गट, वाडी आणि पद घातलं. त्या वाडीत सरपंच बाई एकच, मग नाव कशाला लागतंय? अहवाल छापला गेला. त्याचा मराठी सारांश तालुक्याला पोचला. पुढं काय झालं हे तुम्हाला सांगायला नको. ज्यांनी खोटा हजेरीपट केला त्यांचं काही वाकडं झालं नाही. तिच्यावर मात्र अविश्वास ठराव आला. वाडीतल्या बायकासुद्धा तिच्या बाजूनं उभ्या राहिल्या नाहीत, कारण त्यांच्याही घरात हजेरीपटाचे पैसे थोडेथोडे पोचले होते.

मी तिला भेटायला गेले तेव्हा तिनं मला पाणी दिलं, बसायला घोंगडी टाकली. भांडली नाही. एवढंच म्हणाली, “ताय, मी तुला सांगितलं व्हतं. कागदाला नाय सांगितलं.”

मैत्रिणींनो, या वाक्याला आजवर माझ्याकडं उत्तर नाही.

तीनेक वर्षांनी ‘ब्र’ हातात आली. मी ती धास्तावूनच वाचायला घेतली. विषय तोच : आदिवासी भाग, पंचायतीतल्या बायका, त्यांच्याकडं जाणारी संस्थेची कार्यकर्ती. वाटलं, आता इथंही कुणाची तरी वाडी ओळखू येणार. पण कविताबाईंनी काय केलं पाहा. त्यांनी अहवाल लिहिला नाही, कादंबरी लिहिली. कादंबरीत माणसं नव्यानं घडवावी लागतात. एकीचं दुःख दुसरीच्या अंगणात नेता येतं. तिघींचं धाडस एकीच्या तोंडी घालता येतं. त्यामुळं खरं तर सांगून होतं, पण सांगणारीच्या दारात कुणी काठी घेऊन जाऊ शकत नाही. पुष्कळ जण म्हणतात, कादंबरी म्हणजे मनानं रचलेलं, अहवाल म्हणजे खरं. माझा अनुभव उलटा आहे. माझ्या अहवालात आकडे खरे होते, पण त्या बाईनं रात्री बोलायला तिसऱ्या भेटीपर्यंत का वेळ लावला, हे त्यात कुठंच नव्हतं. त्याला रकानाच नव्हता.

दुसरी गोष्ट त्याहून मोठी. ‘ब्र’ची नायिका प्रफुल्ला. लग्नातल्या घुसमटीतून बाहेर पडलेली, संस्थेत कामाला लागलेली बाई. ती वाड्यावाड्यांवर जाते आणि बायकांना विचारते, तुम्ही सभेत बोलता का? पण हा प्रश्न विचारता विचारता तिला कळत जातं, की आपणही कुठं ब्र काढलाय? लेखिकेनं विचारणारीला उंच ओट्यावर बसवलेलं नाही. तीही त्याच घोंगडीवर बसलेली आहे. आणि ज्या संस्थांमधून आपण कामं करतो त्यांचीही या पुस्तकानं गय केलेली नाही. प्रकल्प, निधी, अहवाल, परिषदा, एकमेकांचे पाय ओढणं, बाईच्या नावानं चाललेला पुरुषांचा कारभार, सगळं आहे. तेव्हा आमच्यातल्या काही जणी रागावल्या होत्या. चळवळीचं धुणं चव्हाट्यावर कशाला, म्हणाल्या. मला विचाराल तर ते धुणं धुवायलाच हवं होतं. सरपंचाला हिशेब मागणाऱ्या आम्ही, आम्हाला कुणी मागितला तर रुसून कसं चालेल?

‘भिन्न’मध्ये त्या अजून अवघड जागी गेल्या. विषय एड्सचा. ज्या बाईनं आयुष्यात नवऱ्याशिवाय कुणाकडं पाहिलं नाही तिला नवऱ्याकडून हा आजार येतो आणि ‘वाईट चालीची’ हा शिक्का मात्र तिच्या कपाळी बसतो. असं पुस्तक वाचताना पुष्कळांना अंगावर येतं. यावं. ज्यांच्या अंगावर रोज येतं त्या कुठं पुस्तक मिटून ठेवू शकतात?

मग ‘रजई’. इस्मत चुगताई ही उर्दूतली मोठी लेखिका. तिची ‘लिहाफ’ ही कथा 1942 साली प्रसिद्ध झाली आणि अश्लील लिहिलं म्हणून तिला लाहोरच्या कोर्टात उभं राहावं लागलं. ती माफी न मागता सुटून आली. तिच्या कथा कविताबाईंनी मराठीत आणल्या आणि त्या अनुवादाला 2011 सालचा साहित्य अकादमीचा अनुवाद पुरस्कार मिळाला. मला यात एक सरळ रेषा दिसते. आदिवासी सरपंच असो, एड्स झालेली बाई असो की उर्दूतली लेखिका, दुसरीचं बोलणं आपल्या तोंडून नीट, न बिघडवता पुढं न्यायचं, हेच काम ही बाई आयुष्यभर करत राहिली. मधेच 2011 साली ‘कुहू’ नावाची वेगळीच कादंबरी केली. तिच्यात शब्दांबरोबर चित्रं आणि पाखरांचे, जंगलाचे आवाजही आणले. जणू छापलेल्या कागदावर तिचाही पुरता भरवसा नव्हता.

आता माझी एक तक्रार. ‘ब्र’ जाड पुस्तक आहे, शहरातल्या दुकानात मिळतं. ज्यांच्याविषयी ते आहे त्या बायकांपर्यंत ते कसं पोचणार? याचं उत्तर लेखिकेकडं मागून उपयोग नाही. ते आपलं काम. म्हणून गेल्या पावसाळ्यात, भातलावणी उरकल्यावर, इथल्याच एका वाडीत आम्ही ते मोठ्यानं वाचायला घेतलं. रोज संध्याकाळी थोडं. पहिल्या दिवशी वाचून झाल्यावर एक सदस्या म्हणाली, “ताय, यात त्या बायचं खरं नाव टाकलंय का?” मी म्हटलं, नाही, नावं बदललेली आहेत. ती म्हणाली, “मंग वाच पुढं.”

माझ्या अंगावर काटा आला. साहित्याची एवढी नेमकी परीक्षा मी कुठल्या परिसंवादात ऐकली नाही. आधी ती बाई सुखरूप आहे ना, ते सांग. मग गोष्ट.

आणि चौथ्या की पाचव्या दिवशी एक म्हातारी आजी म्हणाली, “माझं लिवायचं आसंल त नाव टाक गं. मला आता कोन काय करनार हाय?” दोघीही बरोबर आहेत. नाव झाकावं की उघडं करावं, हे लिहिणारीनं ठरवायचं नाही, संस्थेनं तर नाहीच. जिची गोष्ट आहे तिनं ठरवायचं. तिच्या घरात रात्री काय होईल ते तिलाच ठाऊक असतं.

म्हणून आज दोन गोष्टी ठरवून उठू या. पहिली, आम्हा कार्यकर्त्यांसाठी. कुठल्याही बाईचं बोलणं कागदावर जाण्याआधी ते तिला वाचून दाखवायचं. तिनं ‘हे काढ’ म्हटलं की काढायचं, मग अहवाल कितीही लंगडा होवो. तिनं ‘नाव टाक’ म्हटलं तर टाकायचं, आणि पुढं काही झालं तर तिच्या दारात उभं राहायचं. मी राहिले नव्हते, उशिरा पोचले होते.

दुसरी, तुम्हा सदस्यांसाठी. 26 जानेवारीला ग्रामसभा आहे. तिच्याआधी महिलांची सभा घेण्याचा आपला हक्क आहे, तो सोडू नका. आणि प्रोसिडिंगच्या वहीवर, हजेरीपटावर, कुठल्याही ठरावावर सही किंवा अंगठा करण्याआधी म्हणा, ‘वाचून दाखवा.’ एवढंच. भाषण करायला नको, भांडायला नको. एकटीनं म्हणायला भीती वाटत असेल तर शेजारणीनं म्हणा, ‘हो, आम्हालाही ऐकायचंय.’ त्या ठाकर सरपंच बाईच्या शेजारी त्या दिवशी असं म्हणणारी एक जरी असती, तरी गोष्ट वेगळी झाली असती.

ब्र म्हणजे तरी दुसरं काय?

आता चहा आहे. नंतर ज्यांना ऐकायचंय त्यांच्यासाठी पुस्तक इथं माझ्यापाशी आहे. जिथं थांबलो होतो तिथून वाचू.