इंजिनाचा पंप आणि कामगाराचे भवितव्य

(मोटार-उद्योगातील कामगारांच्या अभ्यासवर्गात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)

जगातील बहुतेक देशांचे जकात-खाते आयात-निर्यातीच्या मालाला एका सामायिक पद्धतीने क्रमांक लावते. ही पद्धत १९८८ साली अमलात आली. तिच्यात ८४१३.३० या क्रमांकापुढे एक छोटीशी ओळ आहे : अंतर्ज्वलन इंजिनांचे इंधनाचे, वंगणाचे व शीतकाचे पंप. स्टुटगार्टचा पंप असो, नाशिकचा असो वा शांघायचा असो, बंदरावर त्याची नोंद याच ओळीत होते. बाजारपेठेचे भविष्य वर्तवणारे महागडे अहवाल याच ओळीची बेरीज घेतात आणि पुढील पाच-दहा वर्षांत ती किती टक्क्यांनी वाढेल ते भांडवलदारांना सांगतात.

ही बेरीज कामगाराच्या दृष्टीने फसवी आहे. एका ओळीत बसवलेल्या या तीन पंपांचे नशीब आता एक राहिलेले नाही. एक पंप मरणपंथाला लागला आहे, दुसऱ्याचे काम आकसत आहे आणि तिसरा रूप पालटून वाढत आहे. बेरीज वाढली म्हणजे उद्योग वाढला असे भागधारकाला म्हणता येईल. पण पहिल्या पंपावर ज्याने हात घडवले, त्या कामगाराला तिसऱ्या पंपाची वाढ पोटाला लागत नाही. म्हणून बेरीज बाजूला ठेवून प्रत्येक पंपाकडे वेगळे पाहणे अगत्याचे आहे.

प्रथम इंधनाचा पंप. डिझेल इंजिनात ठिणगी नसते. हवा दाबून तापवायची आणि त्या तापलेल्या हवेत नेमक्या क्षणी, नेमक्या मापाने डिझेलचा फवारा सोडायचा, एवढ्यावर ते इंजिन चालते. हा फवारा सोडण्यासाठी लागणारा दाब पंप निर्माण करतो. स्टुटगार्टच्या बॉश कंपनीने १९२७ साली असे पंप कारखान्यात मोठ्या संख्येने बनवण्यास आरंभ केला आणि त्यानंतरच डिझेल इंजिन मालमोटारीत सुखाने बसू शकले. या पंपाचा प्राण म्हणजे ज्याला कारागीर ‘एलिमेंट’ म्हणतात ती प्लंजर आणि बॅरलची जोडी. दोहोंमधील फट मिलिमीटरच्या हजाराव्या भागांत मोजतात. ती दोन-चार भागांपेक्षा अधिक असून चालत नाही. एका जोडीचा प्लंजर दुसऱ्या जोडीच्या बॅरलला लागत नाही. घासून, पारखून जुळवलेली ही जोडी जन्मभर एकत्र राहते. असे काम करणारा हात वर्षानुवर्षांच्या सरावाने तयार होतो.

भारतात ही विद्या १९५१ साली बंगळूरमध्ये स्थापन झालेल्या मोटर इंडस्ट्रीज कंपनीने, म्हणजे सर्वांना ठाऊक असलेल्या ‘मायको’ने आणली. पुढे नाशिकच्या सातपूर वसाहतीत तिचा कारखाना उभा राहिला आणि नोझल व इंजेक्टर यांच्या कामात एक पिढी तेथे तयार झाली. २००८ साली या कंपनीचे नावही बॉश झाले. पुण्यात किर्लोस्कर ऑइल इंजिन्सची स्थापना १९४६ सालची. विहिरीवर पाणी उपसणारे डिझेल इंजिन महाराष्ट्राच्या खेड्यांत पोहोचले ते अशा कारखान्यांमुळे. त्या इंजिनांच्या आणि मालमोटारींच्या मागोमाग प्रत्येक तालुक्याच्या गावी पंप-नोझल दुरुस्त करणारा कारागीर आला. त्याच्या दुकानात एक टेस्ट-बेंच, काही चाव्या आणि कानाला असलेली इंजिनाची पारख, एवढे भांडवल असे. पुण्याच्या, नाशिकच्या कारखान्यांना लागणारे ओतीव भाग कोल्हापूरजवळच्या शिरोली आणि गोकुळ शिरगाव येथील फौंड्र्यांत ओतले जाऊ लागले. म्हणजे एका पंपामागे भट्टीपासून रस्त्याकडेच्या दुकानापर्यंत माणसांची एक साखळी आहे.

या साखळीला पहिला धक्का विजेच्या मोटारीने दिला नाही. तो खुद्द डिझेलच्या नव्या तंत्राने दिला. १९९७ साली ‘कॉमन रेल’ पद्धतीची पहिली मोटार बाजारात आली. जुन्या पंपात प्रत्येक सिलिंडरला वेगळा प्लंजर असे. नव्या पद्धतीत एकच पंप एका नळीत प्रचंड दाबाने डिझेल भरून ठेवतो आणि फवारा केव्हा व किती सोडायचा ते संगणक ठरवतो. हा दाब आज वातावरणाच्या दाबाच्या दोन हजार पटींहून अधिक असतो. भारतात १ एप्रिल २०२० पासून भारत स्टेज-६ ही प्रदूषण-मर्यादा लागू झाली आणि नव्या मालमोटारींतून जुना यांत्रिक पंप हद्दपार झाला. हवा स्वच्छ व्हावी यासाठी ही मर्यादा आवश्यक होती, याविषयी दुमत नसावे. परंतु तिच्याबरोबर दुरुस्तीची किल्लीही कारागिराच्या हातून निसटली. नव्या पंपाचा दोष शोधण्यासाठी कंपनीचे यंत्र आणि कंपनीची संगणक-आज्ञावली लागते. ती कोणाला द्यायची हे कंपनी ठरवते.

यांत्रिक पंप अजून टिकून आहे तो शेतात. ट्रॅक्टरसाठीची नवी प्रदूषण-मर्यादा जानेवारी २०२३ पासून पन्नास अश्वशक्तीहून मोठ्या ट्रॅक्टरांना लागू झाली. भारतातील बहुसंख्य ट्रॅक्टर त्याहून लहान आहेत. तालुक्याच्या पंपवाल्याला आज काम मिळते ते मुख्यतः या लहान ट्रॅक्टरांमुळे आणि जुन्या गाड्यांमुळे. उद्या मर्यादा खाली आली की तोही आधार जाणार आहे.

दुसरा धक्का बाजाराने दिला. युरोपात २०१५ पर्यंत विकल्या जाणाऱ्या नव्या मोटारींपैकी निम्म्याहून अधिक डिझेलच्या असत. त्या वर्षी सप्टेंबरमध्ये फोक्सवागन कंपनीची लबाडी उघडकीस आली. तपासणीच्या वेळीच धूर कमी दाखवणारी आज्ञावली जगभरातील सुमारे एक कोटी दहा लाख गाड्यांत बसवलेली होती. ती पुरवण्यातील हलगर्जीपणाबद्दल २०१९ साली बॉशलाही नऊ कोटी युरोंचा दंड झाला. त्यानंतर ग्राहकाचा डिझेलवरचा विश्वास उडाला आणि २०२४ साली युरोपीय संघात नव्या मोटारींतील डिझेलचा हिस्सा बारा टक्क्यांच्या आसपास उरला. भारतात डिझेलची किंमत २०१४ साली बाजाराच्या स्वाधीन झाली, पेट्रोल व डिझेल यांच्या भावातील अंतर घटले आणि डिझेल मोटारींची ओढ ओसरली. २०२० साली मारुतीने तर डिझेल मोटारी बनवणेच थांबवले. लबाडीचा निर्णय संचालकांच्या खोलीत झाला, भावाचा निर्णय मंत्रालयात झाला. प्लंजर घासणाऱ्या कामगाराला कोणीही विचारले नव्हते. काम मात्र त्याचेच कमी झाले.

आता तिसरा, आणि सर्वांत मोठा धक्का विजेच्या मोटारीचा आहे. २०२४ साली जगात एक कोटी सत्तर लाखांहून अधिक विद्युत मोटारी विकल्या गेल्या. पाच नव्या मोटारींमागे एकीहून अधिक. चीनमध्ये हे प्रमाण निम्म्याच्या जवळ पोहोचले आणि नॉर्वेत दहापैकी जवळजवळ नऊ. बॅटरीवरच्या मोटारीत इंधनाचा पंप नाही, इंधनच नाही. इंजिनाच्या वंगणाचा पंपही नाही. फार तर दंतचक्रांना तेल पुरवणारा एखादा लहान विद्युत पंप काही गाड्यांत असतो. उरतो तो शीतकाचा पंप. त्याचे महत्त्व मात्र वाढले आहे. बॅटरी फार तापूनही चालत नाही आणि फार गारठूनही चालत नाही. मोटर आणि विद्युतप्रवाह पालटणारी यंत्रणा यांनाही थंडावा लागतो. म्हणून अशा एका गाडीत दोन-तीन विद्युत पंप असणे आता नेहमीचे झाले आहे. ज्या वॉटर-पंपाला इंजिनाच्या पट्ट्याने फिरवले जाई, त्याच्या जागी आता प्लॅस्टिकचा पंखा, छोटी मोटर, चुंबक आणि विद्युतमंडल यांचा एक बंद डबा आला आहे.

जकातीच्या कागदावर आणि अहवालाच्या बेरजेत हाही पंपच. पण तो बनवायला कोण लागते? बॉशच्याच वरिष्ठ व्यवस्थापनाने काही वर्षांपूर्वी दिलेला हिशेब जगभर गाजला : डिझेलची यंत्रणा बनवायला जेथे दहा माणसे लागतात, तेथे पेट्रोलच्या यंत्रणेला तीन आणि विजेच्या यंत्रणेला एक पुरते. दहा, तीन, एक. पंपाच्या जागतिक बाजारपेठेविषयी कामगाराने लक्षात ठेवावेत असे आकडे हेच आहेत. या हिशेबाची वसुलीही सुरू झाली आहे. सप्टेंबर २०२५ मध्ये बॉशने आपल्या मोटार-विभागात आणखी सुमारे तेरा हजार जागा, प्रामुख्याने जर्मनीत, कमी करण्याचे जाहीर केले.

येथे एक गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. जर्मनीतील कामगार अगदीच निःशस्त्र नाही. १९७६ च्या कायद्याने तेथील दोन हजारांहून अधिक कामगारांच्या कंपन्यांत देखरेख-मंडळाच्या निम्म्या जागा कामगार-प्रतिनिधींना आहेत. त्याने कपात टळते असे नाही. पण कंपनीची योजना त्याला आधी कळते, तो वाटाघाट करतो, मुदत आणि मोबदला पदरात पाडून घेतो. भारतातील कामगाराच्या हाती काय आहे? शंभर किंवा अधिक कामगार असलेल्या कारखान्याला कपातीसाठी वा कारखाना बंद करण्यासाठी सरकारची पूर्वपरवानगी आवश्यक करणारी १९८० च्या दशकातील केंद्रीय तरतूद आता राहिली नाही. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहितेने ही मर्यादा तीनशेवर नेली. सुटे भाग बनवणारे असंख्य कारखाने तीनशेच्या आतले आहेत. शिवाय मुदतबंद नेमणुकीला त्याच संहितेने राजमान्यता दिली. कंत्राटी कामगाराच्या बाबतीत तर कपात हा शब्दही वापरावा लागत नाही. कंत्राट संपते, एवढेच.

सरकारचा पैसा कोणीकडे वाहतो तेही पाहावे. सप्टेंबर २०२१ मध्ये केंद्र सरकारने मोटार-उद्योगासाठी २५,९३८ कोटी रुपयांची उत्पादन-प्रोत्साहन योजना मंजूर केली. ती विद्युत व हायड्रोजन वाहनांना आणि प्रगत तंत्राच्या सुट्या भागांना उद्देशून आहे. नव्या तंत्राला उत्तेजन देण्यात गैर काही नाही. परंतु जुन्या तंत्रावरून नव्या तंत्रावर जाणाऱ्या कामगाराचे शिक्षण, त्या काळातील त्याचे वेतन, भोसरीच्या शेडमध्ये दहा-पंधरा माणसांनिशी चालणारा लघुउद्योग, यांचे स्थान या योजनेच्या केंद्रस्थानी नाही. मोठ्याला बक्षीस आणि लहानाला बाजार, असा हा न्याय आहे.

नव्या तंत्रातील परावलंबनही जुन्याहून कमी नाही. एप्रिल २०२५ मध्ये चीनने दुर्मिळ मृदा-धातू आणि त्यांची चुंबके यांच्या निर्यातीवर निर्बंध घातले आणि भारतातील विद्युत वाहनांच्या उत्पादनाला त्याची झळ पोहोचली. त्याच वर्षी मे महिन्यात अमेरिकेने मोटारींच्या अनेक आयात सुट्या भागांवर २५ टक्के जकात बसवली. एका राजधानीत चुंबक अडते, दुसऱ्या राजधानीत बाजार अडतो, आणि पाळी बंद राहते ती चाकणला. परदेशी तंत्र विकत घेऊन येथे केवळ जुळणी करायची, या धोरणाला स्वावलंबन म्हणता येत नाही.

मित्रहो, यावर एक सोपे उत्तर दिले जाते : विजेच्या गाडीला विरोध करावा. ते उत्तर चुकीचे आहे. देशाला लागणाऱ्या खनिज तेलापैकी पंचाऐंशी टक्क्यांहून अधिक तेल बाहेरून येते. शहरांतील विषारी हवा सर्वांत आधी फुटपाथवरच्या श्रमिकाच्या छातीत जाते. यंत्र पालटते म्हणून यंत्राशी भांडण्यात कामगार चळवळीने पूर्वी जी शक्ती घालवली, ती पुन्हा घालवण्याचे कारण नाही. पंप बदलणारच आहे. प्रश्न इतकाच की बदल कोणी ठरवायचा, त्याचा लाभ कोणी घ्यायचा आणि त्याची किंमत कोणी मोजायची.

म्हणून मागण्याही नेमक्या असल्या पाहिजेत. कोणत्या विभागाचे उत्पादन केव्हा बंद होणार आणि कोणते नवे उत्पादन कोठे सुरू होणार, याची योजना कामगार-संघटनेपुढे किमान काही वर्षे आधी मांडण्याचे बंधन कारखान्यांवर असावे. सरकारी प्रोत्साहनाचा रुपया ज्याला हवा, त्याने त्या रुपयाबरोबर जुन्या कामगाराला, कायम असो वा कंत्राटी, पगारी शिक्षण आणि नव्या विभागात पहिला हक्क द्यावा. मिलिमीटरच्या हजाराव्या भागाची पारख असलेला हात विद्युत पंपाच्या धुऱ्याला आणि बेअरिंगलाही उपयोगी आहे. त्याला मोडीत काढणे ही राष्ट्रीय उधळपट्टी आहे. औद्योगिक प्रशिक्षण संस्थांचे अभ्यासक्रम कारखाना बंद झाल्यानंतर न बदलता आधी बदलावेत. पुण्यात १९६६ साली स्थापन झालेल्या ऑटोमोटिव्ह रिसर्च असोसिएशनसारख्या संस्थांतील संशोधन लघुउद्योगाला परवडेल अशा दरात खुले व्हावे. आणि दुरुस्तीचा हक्क, ज्यासाठी केंद्र सरकारने २०२२ साली मोटारी व शेतीची अवजारे धरून एक संकेतस्थळ तेवढे उघडले, तो कायद्याने मिळावा. सुटा भाग, माहिती आणि तपासणीची आज्ञावली तालुक्याच्या कारागिराला रास्त किमतीत मिळाली, तर त्याचे दुकान टिकेल आणि शेतकऱ्याचा ट्रॅक्टर हंगामात आठवडाभर उभा राहणार नाही.

यांतील एकही मागणी अशक्य कोटीतील नाही. परंतु कायम कामगाराने कंत्राटी कामगाराला परके मानले आणि कारखान्यातील संघटनेने रस्त्यावरच्या कारागिराकडे पाठ फिरवली, तर यांतील एकही पदरात पडणार नाही. पंपाचे तिन्ही प्रकार जकातीच्या एका ओळीत बसवणे व्यापाऱ्याच्या सोयीचे होते. त्या पंपांवर जगणाऱ्या सर्वांनी एका रांगेत उभे राहणे ही आता श्रमिकांची निकड आहे.