आधी त्याच्या भाषेत विचारा



 नोकरी, शेती, लेकरंबाळं सांभाळून रात्री अभ्यास करून आज पदवी घेणाऱ्या तुम्हाला तिची किंमत मी सांगायला नको. समोर बी.एड. झालेले शिक्षक बसले आहेत. मला आज मुख्यतः त्यांच्याशीच बोलायचं आहे.

मी सुरगाणा तालुक्यातल्या एका आश्रमशाळेत रुजू झाले, तेव्हा पावसाळ्यात एसटी घाटातूनच माघारी फिरायची. मला पहिलीचा वर्ग मिळाला. बहुतेक मुलं कोकणा, काही महादेव कोळी, काही वारली. मी बागलाणातली, अहिराणी बोलणाऱ्या घरातली. मुलांची बोली कानाला जवळची वाटायची, पण हाताला लागायची नाही. डी.एड.च्या दोन वर्षांत आम्ही पाठ टाचणं लिहिली, तक्ते रंगवले, परदेशी मानसशास्त्रज्ञांची नावं पाठ केली. पण पेठ-सुरगाण्याचं मूल वेगळी भाषा घेऊन वर्गात येतं, हे एकाही पेपरात नव्हतं. माझ्या व्यवसायाबद्दलची ही माझी सगळ्यात जुनी तक्रार आहे, आणि ती अजून मिटलेली नाही.

मी वजाबाकी शिकवत होते. वर्ग गप्प. फळा, खडे, बोटं, सगळं करून झालं. मुलं माझ्या तोंडाकडे बघत राहायची. दुपारी जेवणाच्या पंगतीत आमच्या शाळेच्या कामाठी मावशी नागलीच्या भाकरी वाढत होत्या. टोपलीत इतक्या होत्या, इतक्या वाढल्या, आता किती उरल्या, असं त्यांनी मुलांच्या बोलीत सहज विचारलं आणि अख्खी पंगत एका सुरात ओरडली. उत्तर बरोबर होतं. मावशी मला म्हणाल्या, "बाई, यांना येतं सगळं. तुम्ही काय विचारता तेच कळत नाही त्यांना."

दुसऱ्या दिवसापासून भांडी घासून झाली की मावशी वर्गाच्या दारात येऊन बसायच्या. मी मराठीत सांगायचे, त्या मुलांच्या बोलीत सांगायच्या, मुलं त्यांच्या बोलीत उत्तर द्यायची आणि मी ते फळ्यावर मराठीत लिहायचे. दिवाळीपर्यंत मुलं मला मराठीतून प्रश्न विचारायला लागली. शिक्षणशास्त्रात याला काय नाव आहे ते मला पुढे कळलं. युनेस्कोने १९५३मध्येच मुलाच्या भाषेतून शिकवण्याबद्दल अहवाल काढला होता, हेही पुढेच कळलं. मावशी अक्षरशत्रू होत्या, पण ही गोष्ट त्यांना आधीपासून ठाऊक होती.

मग तपासणी आली. साहेबांनी पहिलीच्या एका मुलाला उभं करून जिल्ह्याचं नाव विचारलं. पोरगा गप्प. शेरेबुकात शेरा पडला: मुलांची प्रगती असमाधानकारक, कामाठी वर्गात बसलेली आढळली, खुलासा घ्यावा. मी खुलासा दिला, चांगला तीन पानी. उत्तर एका ओळीचं आलं: कामाठीने कामाठीचं काम करावं. मावशींचं वर्गात येणं बंद झालं. पुढच्या वर्षी दिवाळीच्या सुट्टीत घरी गेलेली पहिलीची बरीच मुलं परत आलीच नाहीत. गळतीचं कारण लिहायला तक्त्यात एक रकाना होता. त्यात सगळीकडे एकच कारण लिहिलं जायचं: पालकांची उदासीनता. मित्रांनो, मी त्या पालकांच्या घरी गेले आहे. डोंगर उतरून, पोराला खांद्यावर घेऊन ते शाळेत सोडायला आले होते. उदासीनता त्यांच्यात नव्हती.

त्या मुलांपैकी एक मला मार्च २०१८मध्ये भेटला. नाशिकहून मुंबईला शेतकऱ्यांचा मोर्चा पायी निघाला होता, त्यात सुरगाणा, पेठ, दिंडोरीची माणसं हजारोंनी होती. मी रस्त्याच्या कडेला उभी होते. त्यानेच मला ओळखलं. त्याच्या खिशात घडी घातलेलं एक पत्र होतं. वनहक्काचा दावा अमान्य झाल्याचं. ते त्याला वाचता आलं नव्हतं. वाचून दाखवणारा माणूस मिळाला आणि त्यातली कार्यालयीन मराठी कोणीतरी त्याला समजावली, तोवर साठ दिवसांची अपिलाची मुदत टळून गेली होती. बापजाद्यांनी कसलेली जमीन त्याच्या नावावर होईना, आणि तसं सांगणारं पत्रही त्याला परक्या भाषेत आलं. भाषेची सत्ता म्हणजे काय हे मला त्या रस्त्यावर जितकं स्वच्छ दिसलं तितकं कुठल्याच परिसंवादात दिसलं नाही.

आपण मराठी माणसं या सत्तेचा मार चांगला ओळखतो. मुंबई विद्यापीठ १८५७मध्ये सुरू झालं आणि काही वर्षांतच तिथल्या वरच्या परीक्षांमधून मराठी बाहेर पडली. ती परत यावी म्हणून न्यायमूर्ती रानड्यांना शतक संपेपर्यंत झगडावं लागलं. २०२५मध्ये पहिलीपासून हिंदीचा शासन निर्णय आला, तेव्हा महाराष्ट्र पेटून उठला आणि जूनअखेर तो मागे घ्यावा लागला. सहा वर्षांच्या लेकरावर परक्या भाषेचं ओझं टाकू नका, असं तेव्हा आपण म्हणालो. मीही म्हणाले, सह्यांच्या मोहिमेत फिरले. त्याच आठवड्यात एका शिक्षकाने मला अभिमानाने सांगितलं की त्याच्या शाळेत मुलांना बोलीतला शब्दही काढू दिला जात नाही. तो हिंदीविरोधी सभेतूनच आला होता. त्या दिवसापासून मला स्वस्थता नाही. वरून बसलेला मार आपण जसाच्या तसा खाली पोहोचवतो आहोत, आणि तो पोहोचवायचं काम तुमच्या-माझ्यासारख्या शिक्षकांच्या हातून होतं आहे.

हा मार माझ्या घरीही बसला आहे. माझ्या आईला तालुक्याच्या कचेरीत अहिराणीत "कथा जाई ऱ्हायनी", म्हणजे कुठे चाललीस, असं कोणी विचारलं असतं, तर ती धीटपणे बोलली असती. तिथे ती आयुष्यभर मान हलवत राहिली. घरी भावकीचे तंटे सोडवणारी बाई होती ती.

देशाच्या पातळीवरही हेच आहे. २०११च्या जनगणनेत भिली बोलणारे एक कोटीहून जास्त नोंदले गेले. राज्यघटनेच्या आठव्या परिशिष्टात आज २२ भाषा आहेत, त्यांत भिली नाही. संस्कृत मातृभाषा सांगणारे पंचवीस हजारांच्या आत होते, ती आहे. संस्कृतबद्दल माझ्या मनात आदरच आहे. पण बोलणाऱ्यांच्या संख्येवर भाषेची पत ठरत नाही, बोलणारा कुठे बसतो यावर ठरते, एवढं यातून समजून घ्या. प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून मिळावं, असं राज्यघटनेच्या ३५०-अ या कलमात १९५६पासून लिहिलेलं आहे. शिक्षण हक्क कायद्यातही आहे, २०२०च्या राष्ट्रीय शिक्षण धोरणातही आहे. त्यामुळे परवानगीची वाट बघू नका.

पाड्यावरचे आईबाप आता पोरांना इंग्रजी माध्यमात घालायला धडपडतात. त्यांना दोष देणाऱ्यांशी मी भांडते. सत्ता कुठे आहे हे त्यांनी आपल्यापेक्षा नीट पाहिलंय. त्यांच्या मुलांना इंग्रजी मिळालीच पाहिजे, मराठीही उत्तम आली पाहिजे. पण पाया घरच्या भाषेचा हवा, नाहीतर तिन्ही भाषांत अडखळणारं मूल आपण तयार करू आणि त्यालाच नापास ठरवू.

म्हणून शिक्षकांनो, एकच सांगणं आहे आणि ते मी पुन्हा पुन्हा सांगणार आहे. पहिलीतल्या गप्प मुलाच्या नावापुढे 'अप्रगत' लिहू नका. आधी त्याच्या भाषेत विचारा. तुम्हाला ती येत नसेल तर येणाऱ्या माणसाला वर्गात आणा. त्याची आजी आणा, चौथीतली ताई आणा, डोंगऱ्या देवाच्या उत्सवात रात्रभर गाणारा कथेकरी आणा. साहेबांनी खुलासा मागितला तर द्या. तीन पानी द्या. पण लिहू नका अप्रगत.

सरकारलाही हे करता येतं. ओडिशाने २००६च्या सुमारास दहा आदिवासी भाषांमधून प्राथमिक शिक्षण सुरू केलं. त्याच समाजातले शिक्षक नेमले. आदिवासी विकासाचं आयुक्तालय आपल्या नाशिकमध्येच आहे, त्यामुळे इथून सुरुवात व्हायला काही अडचण नसावी.

आणि कुलगुरू महोदय, शेवटी तुमच्याकडे एक मागणं. हे मुक्त विद्यापीठ १९८९मध्ये 'ज्ञानगंगा घरोघरी' म्हणत उभं राहिलं. ज्यांची दहावी-बारावी राहून गेली त्यांना पूर्वतयारीच्या शिक्षणक्रमातून याने पदवीच्या वर्गात बसवलं. आमच्या मावशी कामाठी म्हणून लागल्या आणि कामाठी म्हणूनच निवृत्त झाल्या. त्यांच्यासारख्या बायकांसाठी भाषा-सहायकाचा एक प्रमाणपत्र शिक्षणक्रम काढा. परीक्षा तोंडी घ्या, कोकणा बोलीत, भिलीत, वारलीत घ्या. परीक्षकही त्या भाषेचाच असू द्या. अभ्यासक्रमाचा कच्चा आराखडा मी लिहून आणला आहे, आणि कार्यक्रम संपला की तो तुमच्या कार्यालयात देऊन पोच घेऊनच मी घरी जाणार आहे.