शिरोड्याचे मास्तर आणि कोल्हापूरचा पडदा

बेळगावहून आंबोलीचा घाट उतरून सावंतवाडीमार्गे समुद्राकडे गेले म्हणजे शिरोडे लागते. आणि निपाणीवरून उत्तरेची वाट धरली म्हणजे लवकरच कोल्हापूर येते. आपणा सीमाभागातील लोकांना परिचित असलेल्या या दोन गावांत वि. स. खांडेकरांच्या आयुष्याचा फार मोठा भाग गेला. शिरोड्यास ते मास्तर होते. कोल्हापुरास आले ते मुख्यतः बोलपटांसाठी. ‘ययाति’कार खांडेकरांविषयी पुष्कळ बोलले जाते. पडद्यासाठी कथा लिहिणाऱ्या खांडेकरांची आठवण मात्र फारशी कोणी काढीत नाही. आज मी तीच काढणार आहे.

१९२० साली खांडेकर शिरोड्याच्या शाळेत रुजू झाले आणि अठरा वर्षे तेथे राहिले. कोकणातले आडबाजूचे गाव, तुटपुंजे वेतन आणि त्यात अधू दृष्टी. अशा माणसाकडे मास्टर विनायक आणि बाबूराव पेंढारकर यांच्या ‘हंस पिक्चर्स’ने आपल्या पहिल्याच बोलपटाची कथा मागावी, हे धाडसच होते. १९३६ साली ‘छाया’ पडद्यावर आला. आजारी पत्नीच्या औषधासाठी चोरी करणारा एक सज्जन माणूस तुरुंगात जातो आणि त्याचा कलंक मुलाबाळांना भोगावा लागतो, असे हे कथानक. त्या काळी पडद्यावर देवदेवता आणि राजेरजवाडे यांची दाटी असे. तेथे गरीब मध्यमवर्गीयाचे घर येऊन उभे राहिले. या कथेला गोहर सुवर्णपदक मिळाले.

पण खरी परीक्षा पुढेच होती. १९३८ साली खांडेकरांनी शाळा सोडली, आणि त्याच साली त्यांचा ‘ज्वाला’ आला. ‘मॅकबेथ’ची आठवण करून देणारी महत्त्वाकांक्षेची कथा, राजवाड्यांचा थाट, भरमसाट खर्च आणि नायकाच्या भूमिकेत चंद्रमोहन! ज्या नटाचे भेदक डोळे ‘अमृतमंथन’पासून सर्वांच्या स्मरणात होते, त्याच्यासाठी मंद दृष्टीच्या लेखकाने कथा रचावी, हा योग विलक्षणच म्हटला पाहिजे. ‘ज्वाला’ सपशेल कोसळला. त्याच वर्षी, त्याच कंपनीसाठी आचार्य अत्र्यांनी लिहिलेल्या ‘ब्रह्मचारी’ने मात्र लोकांना पोट धरधरून हसविले. वर्गातला फळा मागे टाकून आलेल्या चाळिशीच्या मास्तरांना त्या दिवसांत काय वाटले असेल? मी स्वतः शिक्षक आहे, म्हणून हा प्रश्न मला सोडीत नाही. महिन्याच्या महिन्याला मिळणारे थोडके वेतन सोडणे म्हणजे काय, हे आमच्या घरांतून विचारावे.

खांडेकर मात्र शिरोड्यास परतले नाहीत. ‘देवता’ १९३९ साली आला, ‘अमृत’ १९४१ साली. १९४३ च्या ‘माझे बाळ’मध्ये त्यांनी अविवाहित मातेचा प्रश्न मांडला, या बोलपटात लहानग्या लता मंगेशकरही होत्या. १९४१ सालीच त्यांच्या कथेवरून ‘धर्मपत्नी’ हा तेलुगू बोलपट कोल्हापुरात तयार झाला. पुढे आंध्रात देवासारखे पूजिले गेलेले अक्किनेनी नागेश्वरराव त्यात प्रथम, एका लहानशा भूमिकेत, दिसले. मराठी मास्तरांची कथा, तेलुगू संवाद आणि कोल्हापूरचा स्टुडिओ! भाषेच्या नावाने आपण सीमाभागात एवढे हमरीतुमरीवर येतो, त्यांना ही गोष्ट मुद्दाम सांगावीशी वाटते.

या लेखनात दोष नव्हते असे नाही. खांडेकरांची पात्रे बोलत नाहीत, व्याख्याने देतात, अशी तक्रार होती आणि ती खोटी नव्हती. शब्दावर त्यांचा एवढा विश्वास, की चित्राने सांगावे ते वाक्याने सांगण्याचा मोह त्यांना आवरत नसे. अत्र्यांना प्रेक्षागृहातले हशे लिहिता लिहिताच ऐकू येत असावेत. खांडेकरांसमोर नेहमी वर्गच बसलेला असे. दर रविवारी देवळात प्रवचन ऐकणाऱ्या माझ्यासारख्या कॅथॉलिक माणसाला उपदेशाचे वावडे नाही. पण प्रवचनालाही वेळेवर थांबावे लागते, हे आम्हांला चांगले ठाऊक आहे!

बोलपटांनी खांडेकरांतील कादंबरीकार बिघडविला, असे म्हणणारेही होते. मला ते पटत नाही. ‘हिरवा चाफा’, ‘सुखाचा शोध’, ‘क्रौंचवध’ या कादंबऱ्या याच धावपळीच्या वर्षांतल्या. १९४१ साली सोलापूरच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपदही त्यांच्याकडे आले. उलट, शिरोड्यात जवळून पाहिलेले दारिद्र्य, ज्यांच्या हातात पुस्तक कधीच येणार नव्हते अशा माणसांपर्यंत पडद्याने पोचविले. माझ्या मते, हे कार्य त्यांच्या कादंबऱ्यांनाही साधले नसते.

१९४७ च्या ऑगस्टमध्ये मास्टर विनायक अकाली गेले. त्यानंतर खांडेकरांचा पडद्याशी असलेला संबंध ओसरत गेला. कोल्हापूर मात्र सुटले नाही. १९५९ साली ‘ययाति’ प्रसिद्ध झाली, आणि १९७४ चा ज्ञानपीठ पुरस्कार तिला मिळाला तेव्हा लेखकाची दृष्टी पूर्णपणे गेलेली होती. अखेरच्या वर्षांत ते मजकूर तोंडाने सांगत आणि दुसरे कोणी तो उतरवून घेई. १९७६ साली ते निवर्तले.

आमच्या शाळेत त्यांचा धडा शिकवताना मी एकदा सहज विचारले, “या लेखकाने सिनेमेही लिहिले, हे कुणाला ठाऊक आहे का?” वर्ग गप्प राहिला. मग मागच्या बाकावरून निपाणीकडच्या एका मुलाने विचारले, “सर, मग ते आता कुठं बघायला मिळतील?”

मला उत्तर देता आले नाही.