व्हॅनचा एसी पंप घरी उतरवायचा असेल तर



बचत गटाच्या बैठकीत कर्ज, हप्ता आणि व्याज यांच्यावर बोलणं होतंच. आज बोलायचंय ते गटाच्या गाडीबद्दल. आपल्या जिल्ह्यात आता बऱ्याच गटांकडे, नाहीतर गटातल्या एखादीच्या घरी, जुनी मारुती व्हॅन असते. मसाला, पापड, भाजी, दूध, आणि आमच्या धारूरच्या डोंगरपट्ट्यात सीताफळं, सगळं तिच्यातूनच जातं. ही व्हॅन १९८४ साली आली, पुढे तिला ओम्नी म्हणू लागले आणि २०१९ मध्ये ती बनवणं बंद झालं. इंजिन मारुती ८०० चंच, तीन सिलिंडरचं, ७९६ सीसी. म्हणून आज जे सांगणार आहे ते जुन्या ८०० लाही बरंचसं लागू पडतं.

या गाड्या जुन्या झाल्यात. त्या बंद पडण्याच्या कारणांत एक नेहमीचं कारण म्हणजे टाकीतलं पेट्रोल इंजिनापर्यंत ओढणारा पंप. गॅरेजवाले त्याला एसी पंप म्हणतात. थंड हवेच्या एसीशी त्याचा काही संबंध नाही, पण दुकानात याच नावाने मागा. नुसतं पेट्रोल पंप म्हणालात तर पोरगं रस्त्याकडे बोट दाखवील.

मागच्या सीताफळाच्या हंगामात आमच्या गटाची व्हॅन अशीच बंद पडली. माल तोडून क्रेटमध्ये भरलेला. बीडच्या सीताफळाला भौगोलिक मानांकन आहे, नाव मोठं आहे, पण फळ कुणासाठी थांबत नाही. डोळे उघडलेलं फळ दोन-तीन दिवसांत मऊ पडतं. तालुक्याच्या गॅरेजवाल्याने सांगितलं, चार दिवसांनी बघू. आमच्या गटात एक वहिनी आहेत, पापडाच्या मशीनची मोटर त्या स्वतः खोलतात. त्या म्हणाल्या, पंप दोन नटांवर तर बसलाय, आपणच काढू. आणि काढला. दुसऱ्या दिवशी माल बीडला गेला. तेव्हापासून आजूबाजूच्या गटांतल्या बाया विचारतात, आम्हालाही जमेल का? जमेल. काम अवघड नाही. पेट्रोल मात्र धोक्याचं आहे. म्हणून आज नट कसा फिरवायचा हे थोडं आणि पेट्रोल कसं सांभाळायचं हे जास्त सांगणार आहे.

आधी आपली गाडी कोणती ते ओळखा. ओढायचं चोकचं बटण असेल, इंजिनावर कार्ब्युरेटर असेल, तर पंप बाहेर, इंजिनाला लावलेला असतो. तो घरी काढता येतो. चावी फिरवल्यावर मागून दोन सेकंद बारीक घूं आवाज येत असेल तर गाडी इंजेक्शनची आहे. २००० सालाच्या आगेमागे अशा गाड्या येऊ लागल्या. त्यांचा पंप विजेवर चालतो, टाकीच्या आत असतो आणि नळीत दाब असतो. गाडी बंद केल्यावरही तो दाब राहतो, नळी सोडली तर पेट्रोल पिचकारीसारखं तोंडावर येतं. तो पंप घरी काढायचा नाही. व्हॅनला गॅसचं किट बसवलेलं असेल तरी हात लावायचा नाही. यात मला कुणाशी वाद घालायचा नाही.

आता हा बाहेरचा पंप चालतो कसा? गावातला हापसा आठवा. दांडा खाली-वर होतो, आतलं वायसर पाणी ओढतं आणि झडप ते परत जाऊ देत नाही. इथे दांडा हलवायचं काम इंजिन करतं. वायसरच्या जागी रबरी कापडाचा एक पडदा असतो, त्याला डायफ्रॅम म्हणतात. पडदा एकीकडे ओढला की टाकीतून पेट्रोल येतं, स्प्रिंगने परत ढकलला की कार्ब्युरेटरकडे जातं. पडदा फाटला, झडप अडकली, की इंजिन उपाशी.

गाडी बंद पडली म्हणजे पंप गेलाच असं नाही. टाकीत पेट्रोल आहे का, फिल्टर काळा पडलाय का, नळीला चीर आहे का, हे अगोदर बघा. एप्रिल-मेमध्ये दुपारी गाडी बंद पडते आणि संध्याकाळी आपोआप चालू होते, तेव्हा पंप बहुतेक ठीक असतो. उन्हाने नळीतल्या पेट्रोलची वाफ होते आणि पंप वाफ ओढत बसतो. जुने ड्रायव्हर अशा वेळी पंपावर ओलं फडकं टाकून झाडाखाली बसायचे. तो खुळेपणा नव्हता, खरा इलाज होता. त्यासाठी नवा पंप घेऊ नका.

पंप फाटल्याची एक खूण स्वयंपाकघरातल्या नाकाला लगेच कळते. इंजिन ऑइल मोजायची पट्टी बाहेर काढा आणि वास घ्या. पेट्रोलचा उग्र वास आला किंवा ऑइलची पातळी वाढलेली दिसली, तर फाटलेल्या पडद्यातून पेट्रोल ऑइलमध्ये उतरलंय. मग सेल्फ मारून बघायचं नाही. पातळ झालेलं ऑइल इंजिन खाऊन टाकतं. पंप बदलायचा आणि ऑइलही बदलायचं.

काम सकाळी करा, रात्रभर थंड झालेल्या इंजिनावर. गाडी उघड्यावर, सपाट जागी लावा. शेडमध्ये नाही, ओसरीला टेकून नाही. पेट्रोलची वाफ हवेपेक्षा जड असते, ती खाली बसते, जमिनीवरून सरपटत लांब जाते आणि चुलीपाशी पोचली की तिथून पेट घेत परत येते. म्हणून चूल, गॅस, देवघरातला दिवा, उदबत्ती, बिडी, सगळं विझलेलं पाहिजे. पोरांना शेजारी पाठवा. वाळूची बादली आणि ओली गोणपाटं हाताशी ठेवा. पेट्रोलच्या आगीवर पाणी ओतायचं नाही, पाण्यावर तरंगून ते पसरतं. सुती कपडे घाला, पदर खोचून घ्या. धातूच्या बांगड्या आणि अंगठी काढून ठेवा. एकटीने काम करू नका. आमच्या गटाने तसा ठरावच लिहून ठेवलाय, दोघी असल्याशिवाय गाडीची सीट उचलायची नाही.

सीट म्हटलं ते यासाठी की व्हॅनचं इंजिन पुढच्या सीटखाली असतं. म्हणजे वाफ गाडीच्या आत साचते. सगळे दरवाजे उघडे टाका आणि काम संपेपर्यंत उघडेच ठेवा.

बॅटरीची उणे बाजूची तार पहिली सोडा. चाकांना दगड लावा. टाकीचं झाकण उघडून आतली हवा मोकळी करा आणि परत बसवा. मग कार्ब्युरेटरला येणारी पेट्रोलची नळी धरून मागे मागे जा, ती पंपापाशी नेऊन सोडते. पंपाला तीन नळ्या दिसतील. एक टाकीकडून येते, एक कार्ब्युरेटरकडे जाते, एक उरलेलं पेट्रोल टाकीकडे परत नेते. त्या सोडण्याआधीच प्रत्येकीला वेगळ्या रंगाचा दोरा बांधा आणि कुठला रंग कुठे ते कागदावर लिहा. लक्षात राहील असं त्या क्षणी वाटतं, पण तासाभराने राहत नाही. वरून हात पोचत नसेल तर काम तिथेच थांबवा. जॅकवर उभ्या केलेल्या गाडीखाली शिरायचं नाही.

नळीची क्लिप पकडीने दाबून मागे सरकवा. नळी सरळ ओढू नका, आधी थोडी पिळून मोकळी करा. जुनी नळी चिकटून बसली असेल तर कापा, नवी घालायचीच आहे असं समजा. नळीखाली पत्र्याचा डबा धरा, थोडं पेट्रोल पडणारच. टाकीकडच्या दोन्ही नळ्यांच्या तोंडात बसेल असा स्वच्छ बोल्ट खुपसा, म्हणजे गळती थांबेल.

इथे एक गोष्ट कळवळून सांगते. नळीला तोंड लावून पेट्रोल ओढायचं नाही. आपल्याकडे पोरं सर्रास ओढतात. आमच्या शेजारच्या गावात एका पोराच्या घशाखाली असंच पेट्रोल गेलं. घरच्यांनी मीठपाणी पाजून ओकारी काढली, आणि पोटात होतं ते छातीत गेलं. कितीतरी दिवस त्याला दवाखान्यात ठेवावं लागलं. पेट्रोलचे चार थेंब फुफ्फुसात गेले तरी तिथे सूज येते. कुणी गिळलंच तर ओकारी काढू नका, तोंड धुवा, १०८ ला फोन करा आणि दवाखाना गाठा.

आता पंप. तो दोन नटांनी किंवा बोल्टनी इंजिनाला बसलेला असतो. पाना दहा नाहीतर बारा नंबरचा लागतो. एकदम एकच नट पूर्ण काढू नका. हा अर्धा फेरा, तो अर्धा फेरा, असं सैल करा, कारण आतली स्प्रिंग पंपाला बाहेर ढकलत असते. फारच जोर लागत असेल तर दांडा दाबलेल्या अवस्थेत अडकलाय. मग दगड काढा, गाडी टॉप गिअरमध्ये टाका आणि हातभर पुढे ढकला. इंजिन थोडं फिरतं आणि दाब सुटतो. दगड परत लावायला विसरू नका.

पंप बाहेर आला की त्याच्यामागे एक जाड ठोकळा आणि कागदी गॅस्केट निघतं. पंपाला ढकलणारा लहान दांडाही सोबत येतो, तो मातीत पडू देऊ नका. तो ठोकळा मात्र फार महत्त्वाचा आहे. इंजिनाची धग तो पंपापर्यंत जाऊ देत नाही आणि त्याच्या जाडीवरच दांडा किती दाबला जाणार ते ठरतं. घाईतला मिस्त्री तो फेकून पंप थेट बसवून देतो, मग उन्हाळ्यात गाडी दर चार कोसांवर बंद पडते. जुना ठोकळा पुसून ठेवा. इंजिनाच्या भोकात स्वच्छ फडकं कोंबा आणि मगच चिकटलेलं जुनं गॅस्केट खरवडा, म्हणजे कचरा आत जाणार नाही.

काढलेला पंप तपासायचा असेल तर आत येणाऱ्या नळीच्या तोंडावर बोट ठेवा आणि पंपाचा दांडा दाबून सोडा. बोट ओढल्यासारखं वाटलं पाहिजे. ओढ नसेल तर पंप गेला. जुना पंप सोबत नेऊन त्याच्याशी जुळवूनच नवा घ्या, नुसतं गाडीचं नाव सांगून नको.

नळ्याही नव्याच घ्या, आणि त्याचं कारण आपल्या जिल्ह्याशी जोडलेलं आहे. २०२३ पासून वीस टक्के इथेनॉल मिसळलेलं पेट्रोल मिळू लागलं आणि आता ते सगळीकडे आहे. हे इथेनॉल बरंचसं उसापासून होतं. आपल्या घरची माणसं दिवाळीनंतर कोयता घेऊन ज्या उसाच्या फडात जातात, तोच ऊस. पण आपल्या व्हॅनचे रबर त्या पेट्रोलसाठी बनवलेले नव्हते. जुन्या गाड्यांचे काही रबरी भाग बदलावे लागतील हे सरकारनेही मान्य केलंय. इथेनॉलने जुनं रबर फुगतं, मऊ पडतं, चिरतं. म्हणून दुकानात इथेनॉलला चालणारी नळी मागा. पाण्याची पारदर्शक प्लास्टिकची नळी स्वस्त मिळते, ती घालू नका. काही दिवसांत ती कडक होऊन तडकते, आणि खाली तापलेलं इंजिन असतं.

बसवताना उलट क्रम. नवं गॅस्केट, मधला ठोकळा, पुन्हा गॅस्केट, मग पंप. नट आधी बोटांनी जेवढे जातील तेवढे फिरवा, नंतर पान्याने आलटून पालटून. अंगातला सगळा जोर लावायचा नाही, इंजिनाचं ते डोकं ॲल्युमिनियमचं आहे, आटे गेले की खर्च वाढला. दोऱ्याचे रंग बघून नळ्या लावा, क्लिपा बसवा. सांडलेलं पेट्रोल वाळू टाकून टिपून घ्या. पंधरा मिनिटं थांबा, वास पूर्ण गेल्याशिवाय बॅटरी जोडू नका. उणे तार शेवटी. रिकाम्या पंपाला पेट्रोल ओढायला वेळ लागतो, म्हणून सेल्फ एका वेळी दहा सेकंदांपेक्षा जास्त मारू नका, मध्ये विसावा द्या. इंजिन चालू झालं की सीट खाली करण्याआधी प्रत्येक जोड बघा. ओल दिसली तर लगेच बंद.

शेवटी डब्यात जे पेट्रोल उरतं त्याचं काय? तेच मला सगळ्यात जास्त भीतीचं वाटतं. ते कचरा गेला असेल तर टाकीत परत घालता येत नाही, आणि घरात कुणीतरी म्हणतं, चूल पेटवायला होईल. होत नाही. स्टोव्हच्या रॉकेलमध्येही चालत नाही. मोरीत ओतलं तर वाफ नाल्यातून घरातच फिरते. घट्ट झाकणाच्या डब्यात भरून गॅरेजवाल्याकडे द्या, त्यांच्याकडे सुटे भाग धुवायला ते चालतं. फडकीसुद्धा स्वयंपाकघरात आणू नका, बाहेर उन्हात, लांब, एकेक पसरून वाळवा. आणि आपली साडी पेट्रोलने भिजली असेल तर ती बदलून, हात साबणाने धुऊन मगच भाकरी टाकायला बसा.

दुसऱ्या दिवशी गाडी बाहेर काढण्याआधी सीट उचलून दोन्ही नट आणि क्लिपा पुन्हा एकदा बघून घ्या, गॅस्केट दबलं की नट थोडे सैल पडतात.