शिलोहाचा बुरूज व किल्लारीची माती
(ज्युबिलीच्या प्रसंगी केलेले भाषण)



ज्युबिलीचा दिवस हा उपकारस्तुतीचा दिवस होय. तथापि आपल्या मराठवाड्याच्या मातीने जे दुःख पाहिले, त्याचा अशा दिवशी विसर पडणे योग्य नव्हे. म्हणून आम्ही आज किल्लारीविषयी चार शब्द बोलण्याचे योजिले आहे.

सन १९९३ च्या सप्टेंबरच्या ३० तारखेस, गणेशविसर्जन आटोपून लोक निजले असता, पहाटे चारच्या सुमारास धरणी हादरली. औसा तालुक्यातील किल्लारी व आसपासची गावे क्षणार्धात दगडमातीचे ढीग झाली. हजारो जीव गेले. पुढे बावन्न गावे नव्या जागी वसवावी लागली.

अशा वेळी मनुष्य विचारतो, ‘हे कोणाच्या पापाचे फळ?’ हा प्रश्न नवा नाही. शिलोहाचा बुरूज कोसळून अठरा माणसे मेली, तेव्हा यरुशलेमेतही लोकांच्या मनात हेच होते. प्रभू येशूने काय उत्तर दिले, ते संत लूकच्या शुभवर्तमानाच्या तेराव्या अध्यायात पाहावे. मेलेले इतरांहून अधिक पापी होते, हा समज त्याने स्पष्ट नाकारला, आणि ऐकणाऱ्यांनी स्वतःच पश्चात्ताप करावा असे बजाविले. इ. स. १७५५ साली सर्व संतांच्या सणादिवशी लिस्बन शहरी भूकंप झाला, तेव्हा देवळांत प्रार्थनेस जमलेल्या भाविकांवरच भिंती पडल्या. ते का अधिक पापी होते?

किल्लारीकडे पाहा. जेथे मातीत रचलेल्या दगडांच्या जाड भिंती व त्यांवर मातीचे जड माळवद होते, तेथे घरच्यांवर घर पडले. गरिबांच्या हलक्या छपराच्या झोपड्यांतील पुष्कळ जण मात्र वाचले. मग परमेश्वराने काय भिंतीची जाडी पाहून दंड केला? असे म्हणणे म्हणजे त्याच्या न्यायाची विटंबना करणे होय. आपली पवित्र ख्रिस्तसभा शिकविते की, परमेश्वराने सृष्टीस तिचे नियम दिले असून तो त्या नियमांच्या द्वारेही आपले कार्य करितो. धरणी आपल्या नियमाने हलते. तीवर घर कसे बांधावे, हे ठरविण्यास त्याने मनुष्यास बुद्धी दिली आहे.

म्हणून पहिला धडा असा की, शोकाकुलाच्या दारी जाऊन त्याच्या पापाचा हिशेब मांडू नये. ईयोबाचे मित्र सात दिवस त्याच्याजवळ मुकाट बसले, तोवर ते खरे मित्र होते. बोलू लागले आणि चुकले. आपण भाकर न्यावी, पाणी न्यावे, हात धरून बसावे.

दुसरा धडा घरबांधणीचा. मोशेच्या नियमशास्त्रात आज्ञा आहे की, नवे घर बांधणाऱ्याने धाब्याला कठडा करावा, नाही तर कोणी पडून मेल्यास रक्तपाताचा दोष त्या घरावर येईल. तेव्हा पाचवी आज्ञा केवळ शस्त्र धरणाऱ्यास नाही. जो गवंडी सिमेंटात वाळू वाढवितो, जो ठेकेदार लोखंड चोरितो, जो घरधनी चार पैसे वाचविण्यासाठी भेगाळलेली भिंत तशीच ठेवितो, त्या प्रत्येकास ती आज्ञा आहे. मिस्साबलीस नित्य येणाऱ्याचा ओळंबाही सरळ असला पाहिजे.

तिसरा धडा आपल्या अंतःकरणाचा. किल्लारीत कोणी निजताना शेवटची रात्र म्हणून निजले नव्हते. रुसलेला भाऊ, न फेडलेले कर्ज, टाळलेला पापस्वीकार, ही उद्यावर टाकण्याची कामे नव्हेत. प्राचीन इस्राएलात ज्युबिलीच्या वर्षी गहाण गेलेली जमीन परत होई व दास मुक्त होत. आपल्या ज्युबिलीतही कोणाचे काही परत झाले नाही, तर पताका व बँड व्यर्थ होत.

भूकंपात मेलेल्या सर्वांस, मग ते कोणत्याही धर्माचे असोत, आपण आपल्या प्रार्थनेत स्थान द्यावे. दयाघन पिता त्यांस चिरशांती देवो, आणि आपणांस जागृत, प्रामाणिक व कनवाळू ठेवो. आमेन.