पानिपतचा दुसरा निकाल

पुण्याच्या सदाशिव पेठेंत राहणारें प्रत्येक कुटुंब आपल्या पत्त्यांत जें नांव लिहितें, तें पानिपतावर पडलेल्या सेनापतीचें नांव आहे. १४ जानेवारी १७६१ रोजीं सदाशिवरावभाऊ रणधुमाळींत नाहींसे झाले. पेठेला मात्र त्यांचें नांव कायमचें राहिलें. अशा पेठेंत 'भाऊ जिंकले असते तर?' हा प्रश्न पिढ्यान्‌पिढ्या विचारला जावा, यांत नवल नाहीं. नवल याचें, कीं या घरगुती प्रश्नाला एका थोर शास्त्रज्ञानें हात घातला, आणि तोहि मराठी कथेच्या द्वारें.

ते शास्त्रज्ञ म्हणजे डॉ. जयंत नारळीकर. १९३८ सालीं कोल्हापुरास जन्मलेले आणि २०२५ सालीं पुण्यास दिवंगत झालेले नारळीकर विश्वरचनाशास्त्राचे जगन्मान्य अभ्यासक व पुण्यांतील आयुका या संस्थेचे संस्थापक संचालक. त्यांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेंत इतिहासाचे एक प्राध्यापक पानिपतच्या निकालाचा विचार करीत असतां अपघातांत सांपडतात, आणि शुद्धीवर येतात तें निराळ्याच जगांत. तेथें मराठ्यांनीं पानिपत जिंकलेलें असतें. तेथील भाऊसाहेबांच्या बखरींत लिहिलेलें असतें, कीं विश्वासरावांना लागणारी गोळी कानाजवळून निघून गेली. पंत परततात तेव्हां त्या बखरीचें एक पान त्यांच्या खिशांत असतें.

या कल्पनेला शास्त्राचा आधार कोणता? उत्तराचा आरंभ बर्फापासून करतां येतो. पाणी शून्य अंशावर गोठतें, असें शाळेंत शिकवितात. परंतु शुद्ध पाणी स्वच्छ बाटलींत भरून, मुळींच न हालवितां हळूहळू थंड केलें, तर तें शून्याखालीं कित्येक अंश उतरूनहि द्रवरूपच राहूं शकतें. मग त्या बाटलीला एक टिचकी मारावी. त्या कंपासरशीं कोठें तरी बर्फाचा पहिला कण बनतो, आणि पाहतां पाहतां स्फटिकांचें जाळें सबंध बाटलींत पसरतें. तीच टिचकी साध्या गार पाण्याच्या बाटलीला मारली, तर कांहींच घडत नाहीं. सामर्थ्य टिचकींत नव्हतें. पाणीच तोल सुटण्याच्या बेतांत आलेलें होतें. अशा एकाएकीं होणाऱ्या स्थित्यंतरांचें गणित फ्रेंच गणिती रेने थॉम यांनीं १९७२ सालीं ग्रंथरूपानें मांडलें, आणि नारळीकरांच्या कथेंतील शास्त्रज्ञ त्याचाच दाखला देतो.

दुसरा आधार अणूंच्या सृष्टींतला. एखादा इलेक्ट्रॉन येथें सांपडेल कीं तेथें, हें आधीं निश्चित सांगतां येत नाहीं. केवळ संभव सांगतां येतो. १९५७ सालीं ह्यू एव्हरेट या अमेरिकन शास्त्रज्ञानें असें प्रतिपादन केलें, कीं प्रत्येक शक्य निकाल कोणत्या ना कोणत्या शाखेंत घडतोच. पाहणारा फक्त आपल्या शाखेंत असतो. हा एक अर्थ झाला. सर्व शास्त्रज्ञांना तो मान्य नाहीं. शिवाय ज्यांना तो मान्य आहे, त्यांच्याहि मतें एकदां फुटलेल्या शाखांचें दळणवळण व्यवहारतः संपलेलें असतें. थरथरणाऱ्या बर्फाच्या लादींत दुसऱ्या काळाचें प्रतिबिंब दिसावें, ही कल्पना कथेंत शोभेल. प्रयोगशाळेंत तसलें यंत्र नाहीं.

मग 'जर-तर'चा विचार निरर्थक म्हणावा काय? तसें नाहीं. बाटलीचा न्याय पानिपतला लावून पाहावा. लढाईच्या पूर्वार्धांत मराठ्यांचें पारडें जड होतें. पुढें विश्वासरावांना गोळी लागली, भाऊ हत्तीवरून उतरून घोड्यावर बसले, रिकामी अंबारी पाहून फौजेचा धीर सुटला. ही झाली टिचकी. परंतु दोन महिन्यांहून अधिक काळ ती फौज पानिपतावर अडकून पडली होती, रसद तुटली होती, बरोबर यात्रेकरू व बायकापोरांचा मोठा जमाव होता, आणि उत्तरेंत मित्र उरले नव्हते. तें पाणी आधींच शून्याखालीं गेलेलें होतें. विश्वासरावांची गोळी चुकती, तर दुसरी एखादी टिचकी पुरेशी झाली असती, असें म्हणण्यास जागा आहे. म्हणून इतिहासाला विचारावयाचा खरा प्रश्न 'गोळी चुकली असती तर?' हा नसून, 'फौज या दशेला कशी आली?' हा होय.

दुसऱ्या निकालावर विश्वास ठेवून जगलेलीं माणसेंहि पुण्यानें पाहिलीं आहेत. भाऊंच्या पत्नी पार्वतीबाई यांनीं पतीचा मृत्यु कधींच मान्य केला नाहीं. १७८३ सालीं मरण येईपर्यंत त्यांनीं सौभाग्यचिन्हें उतरविलीं नाहींत. त्यांच्या त्या श्रद्धेला कोण दोष देईल? पण तीच आशा परक्याच्या हातीं पडली तेव्हां काय झालें, हेंहि विसरतां येत नाहीं. सुखनिधान नांवाच्या तोतयानें 'मीच भाऊ' म्हणून १७७६ सालीं कोंकणांत बंड उभारलें, किल्ले घेतले, आणि पानिपतांतून जिवंत परतलेल्या नाना फडणिसांच्या कारभारालाच आव्हान दिलें. बंड मोडलें, तोतयाला देहान्त शिक्षा झाली. परंतु तोंवर पुष्कळ शहाणीं माणसें त्याच्या नादीं लागलीं होतीं. तीं सारींच मूर्ख नव्हतीं. त्यांना तें जग हवें होतें, आणि हव्याशा गोष्टीचा पुरावा कोणी मागत नाहीं.

त्यावर उतारा कागदाचा. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनीं १८९८ सालीं 'मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें' या मालेचा पहिला खंड काढला, तो पानिपतच्याच काळांतील पत्रांचा. पुढें १९१० सालीं त्यांनीं व खंडेराव चिंतामण मेहेंदळे यांनीं भारत इतिहास संशोधक मंडळ स्थापिलें. त्याची वास्तु सदाशिव पेठेंतच आहे. रसद कधीं तुटली, पैका कोठें अडला, कोणाची मदत आली नाहीं, हें असल्याच पत्रांतून कळतें. गंगाधरपंतांना दुसऱ्या जगांतून एकच पान आणतां आलें. या जगांतील पानें रुमालांत बांधलेलीं आहेत, आणि अजून सगळीं वाचून झालेलीं नाहींत. भाऊ जिंकले असते तर काय झालें असतें, हें ज्याला जाणावयाचें आहे, त्यानें आधीं तीं सोडावींत.